पहिली वेलांटी

पाटी दुपारी आली. नव्या शेडच्या दारातून ती उभी जाईना, म्हणून आडवी करून आत घ्यावी लागली. एक टोक पेंटरने धरलं होतं, दुसरं काकांनी. काकांना वजन उचलायला डॉक्टरांनी मनाई केली होती, पण आपलं टोक त्यांनी कुणाच्या हातात दिलं नाही. पाटीभोवती जुनी चादर गुंडाळलेली होती आणि सुतळीच्या गाठी इतक्या पक्क्या होत्या, की शेवटी आत्याची धागे कापायची कात्री मागून घ्यावी लागली.

आत्या मागांच्या रांगेत तेलाची बुधली घेऊन फिरत होती. शेड संध्याकाळी चालू व्हायची होती. यंत्रमाग बहुतेक सगळे नवे होते. दोन जुने मात्र तिने मुद्दाम दारासमोर लावून घेतले होते, कारण तिच्या आईने कारखान्यातली नोकरी सोडून स्वतःचं काम सुरू केलं ते या दोन मागांवर आणि तिघा मुलांना वाढवलं तेही यांच्यावरच. जुन्या मागाच्या चौकटीला टेकवून पाटी उभी केली, चादर निघाली आणि निळ्या रंगावरची पांढरी अक्षरं समोर आली. वीणा विणकाम.

आत्याने बुधली खाली ठेवली, हात फडक्याला पुसले आणि पुन्हा एकदा वाचलं.

"दादा, वेलांटी चुकली," ती म्हणाली.

"चुकली होती," काका म्हणाले. "आता दुरुस्त झाली."

पेंटरने लगेच हात झटकले. एकाच पाटीवर एका 'व'ची वेलांटी डावीकडे आणि दुसऱ्याची उजवीकडे कशी, अशी शंका त्यालाही आली होती. पण साहेबांनी त्याला समोर बसवून व्याकरण शिकवलं होतं आणि वर चहाही पाजला होता, तेव्हा या भांडणात आपण पडणार नाही, असं सांगून तो दाराबाहेर जाऊन उभा राहिला. ऐकू येईल इतक्याच अंतरावर.

काकांना घरातली सगळी मुलं वेलांटीकाका म्हणत आणि ते त्यांना ठाऊक होतं. एका दैनिकात त्यांनी मुद्रितशोधक म्हणून उभी हयात काढली होती. लोकांनी लिहिलेलं वाचायचं आणि चुकलेलं सुधारायचं. निवृत्त झाल्यावर काम सुटलं, सवय सुटली नाही. कोपऱ्यावरच्या न्हाव्याच्या पाटीवर 'दाढि' होतं तोवर ते तिथे दाढीला गेले नाहीत. घरी आलेल्या निमंत्रणपत्रिका ते लाल पेन्सिलने सुधारून मग फडताळात ठेवत. पण एका शब्दाला त्यांनी कधी पेन्सिल लावली नव्हती, आणि तो त्यांच्या आईच्या नावाचा होता.

चौथीत असताना त्यांनी वहीत आईचं नाव लिहिलं होतं, घरी पाहिलं होतं तसं. पहिली वेलांटी. गुरुजींनी त्याभोवती लाल गोल काढला, वर्गासमोर वही धरली आणि सांगितलं, वीणा दीर्घ. ज्याच्या घरात आईचं नाव धड लिहीत नाहीत त्याच्याकडून आपण काय अपेक्षा करायची. मुलं हसली. तो मुलगा घरी आला तेव्हा आई मागावर होती. दप्तर ठेवून तो तिच्या शेजारी उभा राहिला. आपल्या आजीला लिहिता येत नव्हतं आणि तिने मुलीचं नाव चुकीचं लिहून ठेवलं, हे त्याला त्या दिवशी कळलं होतं. आईला ते कळू द्यायचं नाही, हेही त्याने त्याच दिवशी ठरवलं. तेव्हापासून त्याने ते नाव झाकून धरलं होतं, फाटलेल्या बाहीवर हात ठेवावा तसं. आता आईला पंच्याहत्तर वर्षं पूर्ण होत होती. तिच्या शेडवर तिचं नाव एकदा तरी शुद्ध लागावं, यापलीकडे त्यांना काही नको होतं.

हे सगळं ते बहिणीला सांगू शकले असते. त्यांनी सांगितलं ते असं, की वीणा हे वाद्य आहे, तत्सम शब्द आहे आणि त्याला पर्याय नाही.

आत्याने वादाला सुरुवात केली ती धंद्याच्या बाजूने. त्यांच्या प्रत्येक पांघरुणाच्या कोपऱ्यात 'विणा' हा शब्द विणलेला असे, छापलेला नव्हे. त्यासाठी भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची एक माळ मागावर चढवावी लागे. कुठला धागा उचलायचा आणि कुठला सोडायचा ते त्या भोकांवरून ठरे. ती माळ आईने स्वतः, सुरुवातीच्या दिवसांत, एकेक भोक पाडून केली होती. दवाखान्यांत, वसतिगृहांत, प्रवासी बोटींवर जिथे जिथे ही पांघरुणं गेली तिथे लोक कोपरा उलटून बघत. बाजारात नक्कल येई तीही या शब्दासकट येई, पण नक्कल करणारे बिचारे शुद्ध लिहीत आणि म्हणून पकडले जात.

"म्हणजे तुझ्या मते चोर तेवढे सुशिक्षित," काका म्हणाले.

"माझ्या मते तू तुझं पांघरूण उलटं घेऊन झोपतोस," आत्या म्हणाली. "वहिनींनी सांगितलंय मला."

हे खरं होतं. विणलेला शब्द मागच्या बाजूने आरशातल्यासारखा दिसतो आणि पहिली वेलांटी दुसरी होते. अक्षरंही उलटी होतात, पण काकांना तेवढं चालत असे. त्यांनी ते नाकारलं नाही. फक्त चष्मा काढून पुसला.

नेमकी त्याच वेळी त्यांच्या धाकट्या भावाची मुलगी आली. बाबीन. जन्मली तेव्हा ती दोन्ही टोकांना जाड आणि मध्ये कापडात घट्ट गुंडाळलेली होती, म्हणून सूत गुंडाळायच्या बाबिनीवरून आत्याने तिला ते नाव ठेवलं आणि ते चिकटलं. खरं नाव तिच्या आजीचंच होतं, त्याच वेलांटीचं. तेही आत्याच्याच हट्टाने. ती आता बारावीला होती. दप्तर अजून खांद्यावर होतं.

"बरं झालं आलीस," आत्या म्हणाली. "सांग तुझ्या काकाला. तुझंही नाव आहे ते."

बाबीनने पाटी पाहिली आणि तिला आधी आनंद झाला. तो तिला लपवता आला नाही. आत्याने तो पाहिला, हेही तिच्या लक्षात आलं.

तिच्या नावाचा तिला कंटाळा आला होता. प्रत्येक वर्षी नवे शिक्षक हजेरी घेताना थांबत, पेन उचलत आणि तिला न विचारता दुरुस्ती करत. ज्यांनी केली नाही त्यांनी ती अडाणी घरातली आहे असं धरलं. मुलांना ण आणि न यांच्याशी देणंघेणं नव्हतं. ती वर्गात उशिरा आली की मागून कोणीतरी म्हणे, विनाकारण आली. पुस्तक विसरली की विनापुस्तक. एक जण तर तिच्याशी बोलताना प्रत्येक वाक्यात कुठे ना कुठे 'विना' घालायचाच आणि त्याला त्यासाठी दाद मिळे. गेल्या महिन्यात शाळेच्या प्रदर्शनात तिने मागांचा आवाज मोजायचं एक साधं यंत्र करून ठेवलं होतं. आजीचे कान या आवाजानेच गेले होते, म्हणून तिने तो विषय घेतला होता. शेजारच्या कार्डावर शाळेने नाव छापलं ते परस्पर सुधारून, वीणा. दिवसभर लोक आले, नाव वाचलं, यंत्राबद्दल प्रश्न विचारले आणि कोणी हसलं नाही. त्या संध्याकाळी तिने रंगखात्यात जाऊन बाबांना सांगितलं होतं, की शाळा सोडायच्या आत मला माझं नाव बदलून घ्यायचंय. फक्त वेलांटी. बाबांचे हात कोपरापर्यंत निळे होते. ते म्हणाले होते, बघू, आत्याशी बोलतो. बोलले नव्हते.

"मला हे आवडलं," ती म्हणाली.

 आत्याने कात्री उचलून जागेवर ठेवली. हिला आपण मांडीवर घेऊन याच मागावर गाठी मारायला शिकवल्या, असं तिच्या मनात आलं, आणि लगेच असंही आलं, की हे मनात आणणं बरं नव्हे.

बाबा रंगखात्यातून आले ते पाटी लावायला शिडी हवी का हे विचारायला. भाऊ एकीकडे, बहीण दुसरीकडे, मुलगी पाटीजवळ, हे पाहून त्यांना शिडी विसरावीशी वाटली. लहानपणापासून या दोघांच्या भांडणात ते नेहमी ताईच्या बाजूने असत, कारण दादा बरोबर असे आणि ताई एकटी पडे. आज मात्र त्यांनी घसा साफ केला आणि हळू आवाजात सांगितलं, की मुलीचंही तसंच म्हणणं आहे. तिने त्यांना आधीच सांगितलं होतं. शाळेत त्रास होतो. वेलांटीच तर आहे.

"तुला माहीत होतं," आत्या म्हणाली.

"हो, ताई."

"आणि मला सांगितलं नाहीस."

बाबांनी निळी नखं पाहिली. मागांपाशी कारागीर जमायला लागले होते. ते आडवा धागा नेणारे धोटे पुसत होते, सुतं तपासत होते आणि काही ऐकू येत नसल्यासारखं दाखवत होते. यंत्रं बंद असली की या माणसांना कुजबुजही स्पष्ट ऐकू येते.

आत्याला कळलं, की आपण एकट्या आहोत. धंद्याचा मुद्दा तिने सोडून दिला. ती खाली बघून बोलली आणि पहिल्यांदाच खरं ते बोलली. आपल्या आजीला, म्हणजे आईच्या आईला, लिहिता येत नव्हतं, हे तिलाही ठाऊक होतं. शब्द चुकीचा आहे, हेही. पण ज्या बाईला लिहिता येत नव्हतं तिने आपल्या मुलीचं नाव स्वतःच्या हाताने लिहिलं, दुसऱ्या कोणाकडून लिहून घेतलं नाही. "चूक असेल. पण ती आपली चूक आहे, दादा. ती पुसून तिथे कुणाचंतरी शुद्ध नाव लावायचं असेल तर आईला विचारून लावा."

"आईला नाही विचारायचं," काका म्हणाले. त्यांचा आवाज इतका बदलला की बाबीनने वळून पाहिलं. "तिला यातलं काहीच माहीत नाही. आपल्या आईने आपलं नाव चुकवलं, हे तिला या वयात कोण सांगणार? तू सांगणार?"

"मग ही पाटी पाहून तिला काय वाटेल, असं वाटलं तुला?"

काकांनी याचं उत्तर तयार ठेवलं होतं. तिला फरक कळणार नाही. नाव आहे एवढं पाहील, हात फिरवील, खूश होईल. पण हे वाक्य मनातल्या मनात वाचून पाहिल्यावर त्यांना ते फार वाईट वाटलं, आणि त्यांनी ते खोडलं.

तेवढ्यात बाबीनची आजी दारात आली.

तिला आणायला बाबा जायचे होते, पण वाट पाहणं तिला कधी जमलं नव्हतं. रस्ता ओलांडून ती एकटीच आली होती, हातात काठी होती पण टेकलेली नव्हती. कारखान्यात आणि मग घरच्या मागांवर मिळून तिने इतकी वर्षं काढली होती, की तिशीतच ऐकू येणं कमी झालं आणि पन्नाशीत संपलं. त्याचं तिला विशेष काही वाटत नसे. मागांच्या आवाजात कुणालाच काही ऐकू येत नाही. तिथे सगळे ओठ वाचून बोलतात, आणि तिला ते लहान वयातच येत होतं. घरातली माणसं तिच्याशी समोर येऊन, आवाज न काढता बोलत. तोंड फिरवून जे बोलायचे ते तिच्यापर्यंत पोचत नसे, आणि आपल्याला काय कळू द्यायचं नाही एवढं या लोकांच्या पाठी पाहून तिला बरोबर कळे. आज दारात उभं राहिल्या राहिल्या तिला तीन पाठी दिसल्या.

ती पुढे आली. कारागीर बाजूला झाले. जुन्या मागाशी येऊन तिने आधी मागावर हात ठेवला, मग पाटी पाहिली. तिने ती सावकाश वाचली. बोट न लावता.

"ही कोण?" तिने विचारलं.

स्वतःचा आवाज ऐकू येत नसल्यामुळे तिचं बोलणं मोठं आणि सपाट असे. शेडच्या शेवटच्या मागापर्यंत ते गेलं.

काका तिच्यासमोर आले. त्यांनी ओठांनी सांगितलं, तू.

"मी नाही," आजी म्हणाली. "हे ते वाजवायचं."

काकांनी एक खोका ओढला आणि त्यावर बसले, म्हणजे त्यांचा चेहरा तिच्या चेहऱ्यासमोर आला. लोकांना ऐकू जाऊ नये म्हणून त्यांनी एकही आवाज काढला नाही. बाबीन बाजूला उभी होती. तिला त्यांचे ओठ अर्धेच दिसत होते, पण काय चाललंय ते तिला समजत होतं. चौथीपासून झाकून ठेवलेली गोष्ट ते आईला सांगत होते. तुझं नाव चुकीचं लिहिलं गेलं होतं. तुझ्या आईचा दोष नाही. तिला लिहिता येत नव्हतं.

आजीने ते शेवटपर्यंत पाहिलं. मग ती हसली.

"तिला एकच शब्द लिहिता यायचा," ती म्हणाली. "हाच."

आणि तिने सांगितलं. काकांनी जे गुपचूप सांगितलं होतं त्याचं उत्तर सगळी शेड ऐकत होती, कारण आजीला हळू बोलता येत नव्हतं.

तिची आई ज्या कारखान्यात होती तिथे तिच्या मागासमोर एक भिंत होती. भिंतीवर मोठ्या अक्षरांत सूचना रंगवलेली होती: दाट विणा, सरळ विणा, जपून विणा. तिला शाळा माहीत नव्हती. पण रोज सकाळपासून तीच भिंत समोर. एक आकार पुन्हा पुन्हा येतो, हे तिने पाहिलं. शेजारच्या मागावरच्या बाईला थोडं वाचता येत होतं, तिला विचारलं. तिने ओठांनी सांगितलं. आईने तो शब्द आधी डोळ्यांनी शिकून घेतला, मग बोटाने कापडावरच्या धुळीत गिरवला, वेलांटीसकट. मुकादम बायकांच्या रांगेतून फिरायचा तो ओरडत फिरायचा. वीण गं. ए, वीण. हात चालव. पुरुषांच्या रांगेत तो एवढं करत नसे.

"मुकादम म्हणायचा वीण. भिंत म्हणायची विणा. अख्ख्या कारखान्यात ती भिंत तेवढी तिला अहोजाहो करायची."

आजी पुढे सांगत राहिली.

"मी झाले तेव्हा तिने ठरवलं, मुलीला हाक मारेल त्याला तिच्याशी मानानेच बोलावं लागेल. मनात असो नसो. नावच तसं ठेवायचं."

मग शाळेची गोष्ट. पहिल्या दिवशी गुरुजींनी पाटीवर नाव लिहून दिलं, दुसऱ्या वेलांटीचं. आईने पाहिलं आणि म्हणाली, हे नव्हे. गुरुजींनी समजावलं, बाई, हेच बरोबर, वीणा म्हणजे वाद्य, फार गोड वाजतं. आजीला तेव्हा ऐकू येत होतं. पुढचं वाक्य तिने कानांनी ऐकलेलं होतं आणि ते तिने जसंच्या तसं सांगितलं. "आई म्हणाली, मग नकोच. वाद्य आपण होऊन वाजत नाही, वाजवतं दुसरंच कोणी." आणि तिने तळहाताने पाटी पुसली, खडू घेतला आणि आयुष्यात येत असलेला एकुलता एक शब्द गुरुजींसमोर लिहिला.

"तुम्हाला माहीत नव्हतं?" आजीने तिघांकडे पाहिलं. "मग इतकी वर्षं कोपऱ्यात काय विणत होते मी? स्वतःचं नाव मिरवत होते?"

आत्याने तोंडावर हात ठेवला होता, त्यामुळे ती काही बोलली असेल तर आजीला कळलं नाही. बाबा पुन्हा नखं पाहत होते, पण आता वेगळ्या कारणाने.  बाबीनच्या डोक्यात वर्गातला तो मुलगा आला, मागच्या बाकावरून 'ए विणा' करणारा, आणि हजेरी घेणारे शिक्षक, आणि प्रयोगशाळेतला चिडका मदतनीस. ज्याने ज्याने तिला हाक मारली होती त्या प्रत्येकाने, मनात असो नसो. तिला एकदम हसू आलं आणि ते आवरायला तिने दप्तराचा पट्टा घट्ट धरला.

काका खोक्यावरून उठले. खिशातून लाल पेन्सिल काढून ते पाटीसमोर गेले आणि बराच वेळ वाचत राहिले, जणू तिथे दोन शब्द नसून पान भरून मजकूर होता.

"वीण, एकवचन," ते म्हणाले. हे ते मोठ्याने म्हणाले, सगळ्यांना ऐकू जाईल असं. "विणा, आदरार्थी. मान दिला की वेलांटी आखूड होते. नियम आहे. मी नव्या मुलांना शिकवलाय हा नियम." मग ते म्हणाले, "आपल्या आजीचा शब्द शुद्ध आहे."

त्यांच्या तोंडून याहून मोठी गोष्ट घरात कोणी ऐकली नव्हती.

मग त्यांनी पाटीवरच्या दुसऱ्या वेलांटीभोवती लाल गोल काढला, तसाच, चौथीच्या वहीत काढलेला होता तसा, आणि समासाकडे रेघ ओढून तिथे पहिली वेलांटी लिहिली. पेंटर आत आला होता. रंग नुकताच वाळलाय, निळ्याने झाकलं तरी जुनी वेलांटी खालून फिकट दिसत राहील, आणखी एक हात द्यावा लागेल आणि त्याला उद्याचा दिवस जाईल, असं त्याने सांगितलं.

"दिसू दे," काका म्हणाले. "दुरुस्तीची खूण असलेली बरी."

आत्या त्यांच्याजवळ गेली. ती भांडण जिंकली होती, पण तिचाही मुद्दा बरोबर नव्हता. ज्याला ती इतकी वर्षं प्रेमाने आपली चूक म्हणत आली ती चूक नव्हतीच. हे तिने भावाला सांगितलं. काका म्हणाले, निदान तू पांघरूण सुलटं घेऊन झोपत होतीस. तिने त्यांच्या हातातली पेन्सिल घेऊन त्यांच्याच खिशात परत खोचली.

मग दोघांनी एकदमच बाबीनकडे पाहिलं. पाटी आईची आहे, काका म्हणाले, ती आता ठरली. तुझं नाव तुझं. तुला अजूनही दुसरी वेलांटी हवी असेल तर मी स्वतः तुझ्याबरोबर शाळेत येईन आणि शब्द काढणार नाही. आत्यानेही मान हलवली. तिला तसं करताना त्रास झाला, तो दिसला, तरी तिने हलवली.

 बाबीनला शाळेत उद्या जायचंच होतं आणि तो मुलगा उद्याही तिथे असणारच होता. भिंतीची गोष्ट त्याला सांगण्यात अर्थ नव्हता. प्रत्येकाला गाठून गोष्ट सांगायची नव्हती तिला. तिने पेंटरकडे पाहिलं. त्याने डबा उघडून पांढरा रंग ढवळायला घेतला होता.

"'व'च्या अलीकडे काढा," ती त्याला म्हणाली. "आणि जरा ठसठशीत काढा. लांबून वाचता आली पाहिजे."

संध्याकाळी पाटी वर चढली. बाबीनची आई कामावरची पाळी संपवून आली, तिला दारातच सगळी गोष्ट तिघांनी मिळून तीन प्रकारे सांगितली. शेजारच्या दुकानांतली माणसं आली, जुने कारागीर आले, त्यांतले काही आजीसारखेच बहिरे. ते लांबून ओठांनीच एकमेकांची चौकशी करत होते, त्यामुळे शेड भरलेली असूनही शांत होती. कारागीर आपापल्या मागापाशी उभे राहिले, माग सुरू करायच्या दांड्यावर हात ठेवून. पहिला शब्द आजीने द्यायचा, असं ठरलेलं होतं. ती जुन्या मागाजवळ खुर्चीवर बसली होती. सगळे तिच्याकडे बघत असताना तिने काठी उचलली आणि नातीला पुढे ढकललं.

बाबीनने आत्याकडे पाहिलं. आत्याने मुद्दाम दुसरीकडे पाहिलं.

रोज सकाळी काम सुरू होताना आत्या 'चला' म्हणे आणि माग चालू होत. बाबीन तेच म्हणणार होती. ती रांगेसमोर उभी राहिली. वयाने तिच्या दुपटी-तिपटीची माणसं हात दांड्यावर ठेवून तिच्या शब्दाची वाट पाहत होती. त्यांच्याशी काय बोलावं आणि कसं बोलावं, हे तिला त्या क्षणी नीट माहीत होतं.

"विणा," ती म्हणाली.

दांडे ओढले गेले. धोटे सुटले आणि पुढच्या क्षणी शेडमध्ये कुणालाच काही ऐकू येईनासं झालं. आजीने एक हात मागाच्या चौकटीवर ठेवला होता, हादरा बघायला. डोळे नातीच्या ओठांवर होते. तिने तो शब्द वाचला, मान वर केली आणि ओ दिली.